सोळा खोल्यांचे बिऱ्हाड

मराठी माणूस कशावर टीका करील ह्याचा नेम नाही. नाटकाचा पहिला अंक संपून दुसऱ्याची घंटा होण्याच्या आत तो बटाटेवड्याच्या साक्षीने त्या नाटकाचा निकाल लावून मोकळा होतो. गाणे, पुस्तक, मिसळ, गणपतीची आरास, लग्नाच्या पंगतीतले श्रीखंड, सगळ्यांवर त्याचा अभिप्राय तयार असतो. पण ज्या एका वस्तूकडे तो हल्ली दिवसाचे आठ-आठ तास टक लावून बसतो, त्या संगणकाच्या पडद्यावर जे मांडलेले असते त्याचे रसग्रहण मात्र कोणी करीत नाही. वर्तमानपत्रात छापून येते ते काय? किंमत किती, रंग कोणता, मेमरी केवढी आणि बॅटरी किती तास. हे म्हणजे नाट्यपरीक्षणात थिएटरातल्या खुर्च्या मोजण्यासारखे झाले. संगणकातल्या एखाद्या सोयीचा स्वभाव कसा आहे, ती कोणाच्या वळणावर गेली आहे, तिच्यात काही दम आहे की नुसतीच वेशभूषा आहे, हे सांगणारा समीक्षक आपल्यात अजून जन्माला यायचा आहे. तो येईपर्यंत काम खोळंबू नये म्हणून ही जबाबदारी मी माझ्या शिरावर घेत आहे.

माझी पात्रता विचाराल तर गिरगावातल्या एका चाळीत, दहा बाय बाराच्या एका खोलीत, सात माणसांत मी लहानाचा मोठा झालो. आणि आजचा विषय खोल्यांचाच आहे.

विषयाचे नाव 'व्हर्च्युअल डेस्कटॉप'. ह्याला मराठीत 'आभासी मेजपृष्ठ' म्हणावे असे कोणी सुचवले तर त्याला मी आभासी चहा पाजीन. प्रकार मात्र समजायला सोपा आहे. संगणकाच्या पडद्याला 'डेस्कटॉप', म्हणजे टेबलाचा वरचा भाग, म्हणायची पद्धत आहे. ह्या टेबलावर आपण जे जे काम काढतो ते एकेका चौकटीत उघडते. त्या चौकटीला म्हणतात 'विंडो', म्हणजे खिडकी. टेबलाला खिडक्या असतात हे ऐकून ज्या सुताराला घेरी येणार नाही तो सुतार संगणकाच्या धंद्यात जायला लायक समजावा.

बरे, ह्या खिडक्या एकीशेजारी एक अशा शहाण्यासारख्या राहतील तर शपथ. एकीवर दुसरी, दुसरीवर तिसरी. कोणत्याही सामान्य गृहस्थाचा संगणक दुपारी चारच्या सुमाराला पाहावा. सोसायटीचा हिशेब, विजेचे बिल, रेल्वेचे आरक्षण, पुतणीच्या लग्नाचे चारशे फोटो, गुडघेदुखीवरची आसने, आणि ह्या सगळ्यांच्या खाली कुठेतरी अर्धवट ऐकलेले नाट्यगीत, अशी वीस-बावीस बिऱ्हाडे एकमेकांच्या उरावर बसलेली असतात. हवी ती खिडकी नेमकी तळाशी. ती वर काढेपर्यंत ती कशाला हवी होती तेच आठवत नाही.

ह्यावर उतारा म्हणजे व्हर्च्युअल डेस्कटॉप. टेबल भरले ना? मग दुसरे घ्या! जागा लागत नाही, पैसे लागत नाहीत. विंडोज असलेल्या संगणकावर कंट्रोलची कळ, विंडोजच्या चिन्हाची कळ आणि डी, अशा तीन कळा एकदम दाबल्या की नवे कोरे टेबल पुढ्यात हजर. डीऐवजी बाणाची कळ दाबली की जुने टेबल परत. हिशेब एका टेबलावर, लग्नाचे फोटो दुसऱ्यावर, गुडघे तिसऱ्यावर. मुंबईत ज्याने खोलीसाठी पागडी मोजली आहे त्याला इथे तीन बोटांत खोली मिळते, हे सांगताना माझा कंठ दाटून येतो.

कोणत्याही मुलीकडे बघण्याआधी तिचे कूळ बघावे असे जुनी माणसे म्हणत. ह्या कल्पनेचे कूळ फार मोठे आहे. आपल्याकडे 'झेरॉक्स' म्हटले की कोपऱ्यावरचे दुकान, लॅमिनेशन, पासपोर्ट फोटो आणि 'सुट्टे द्या' एवढेच आठवते. पण त्या नावाच्या अमेरिकन कंपनीची कॅलिफोर्नियात पालो आल्टो ह्या गावी एक प्रयोगशाळा होती. माउसने चालवायचा ऑल्टो हा संगणक तिथे १९७३ साली तयार झाला, आणि हापिसातल्या टेबलाची उपमा पडद्यावर आणणारा स्टार हा संगणक ह्याच कंपनीने १९८१ साली बाजारात आणला. म्हणजे मूळ त्यांचे, आणि झेरॉक्स पुढे सगळ्या जगाने काढली.

उपमा चांगली होती. गोची होती ती मापाची. १९८४ सालच्या मॅकिंटॉशचा पडदा तिरका मोजला तर नऊ इंच भरे. हापिसातल्या चार फूट बाय अडीच फुटाच्या साध्या टेबलावर असे पडदे तिसाहून जास्त मावतील. म्हणजे टेबल म्हणायचे आणि हातात पोळपाट द्यायचा! त्या पोळपाटावर सगळ्या हापिसाने पसारा मांडायचा.

हे दुखणे नेमके कुठले आहे ते ओळखले त्याच प्रयोगशाळेतल्या ऑस्टिन हेंडरसन आणि स्टुअर्ट कार्ड ह्या दोघांनी. १९८६ साली त्यांनी एक रचना मांडली आणि तिचे नाव ठेवले 'रूम्स'. खोल्या! त्यांचे म्हणणे थोडक्यात असे, की माणसाला एकाच वेळी सगळ्या खिडक्या लागत नाहीत. एका कामाला चार-पाच लागतात, त्या पुन्हा पुन्हा लागतात, आणि काम बदलले की निराळ्या चार-पाच लागतात. हे तत्त्व त्यांना संगणकाच्याच पोटात सापडले. संगणकाची मेमरी तोकडी असली की तो हवे ते आत आणण्यात आणि नको ते बाहेर टाकण्यात इतका गुंततो की मुख्य काम बाजूलाच राहते. पीटर डेनिंग ह्यांनी १९६८ साली त्याची उपपत्ती लावली होती. ह्या अवस्थेला 'थ्रॅशिंग' म्हणतात. म्हणजे जात्याची घरघर अखंड चालू आणि पीठ मात्र नाही. पडद्यापुढे बसलेल्या माणसाचेही अगदी हेच होते असे ह्या दोघांना दिसले. तेव्हा प्रत्येक कामाला त्याची खोली द्या, आणि त्या खोलीत त्या कामापुरत्याच खिडक्या ठेवा.

समीक्षक म्हणून मला सर्वांत भावले ते ह्या घराचे बारकावे. ह्या खोल्यांना दारे होती. दारावर टिचकी मारली की पलीकडची खोली. मागचे दार होते, त्यातून आलो त्या खोलीत परत. सगळ्या खोल्यांची छोटी छोटी चित्रे एकत्र दाखवणारा एक नकाशा होता. आणि दोन सोयी तर अशा, की ज्याने त्या काढल्या त्याने आयुष्यात दोन-तीनदा तरी बिऱ्हाड हलवलेले असले पाहिजे. एक 'खिसा' आणि दुसरे 'सामान'. जी वस्तू कोणत्याही खोलीत गेलो तरी जवळ हवीच, उदाहरणार्थ घड्याळ, ती खिशात टाकायची. आणि एखादी वस्तू ह्या खोलीतून त्या खोलीत न्यायची असली तर ती सामान म्हणून बरोबर घेऊन दार ओलांडायचे. नुसत्या भिंती बांधून घर होत नाही. इकडचे तिकडे नेता आले पाहिजे, हे त्यांना कळले होते. घर बांधणाऱ्यांना ते आधी कळणे ही दुर्मिळ गोष्ट आहे.

पुढच्या पिढ्यांनी ह्या घराचे काय केले तो इतिहास उद्बोधक आहे. १९९० साली टॉम लास्ट्रेंज ह्यांच्या 'एसडब्ल्यूएम'ने युनिक्सच्या संगणकांवर खोल्यांऐवजी मैदानच दिले. टेबल पडद्यापेक्षा कितीतरी मोठे, आणि पडदा म्हणजे त्या मैदानावर सरकणारा एक झरोका. आपण मैदानात कुठे उभे आहोत ते कळावे म्हणून एक छोटा नकाशा. शिवाजी पार्कवर एकाच वेळी बारा मॅचेस चालू असताना आपला मुलगा कुठल्या मॅचमध्ये आहे हे शोधणाऱ्या बापाला ही रचना पटकन कळेल.

मग आला देखावा. २००६ साली नॉव्हेल कंपनीने लिनक्ससाठी 'कॉम्पिझ' आणले. त्यात चार टेबले एका ठोकळ्याच्या चार बाजूंना चिकटवलेली असत आणि कळ दाबून ओढले की सबंध ठोकळा गर्रकन फिरे. बघणाऱ्याच्या तोंडून 'वा!' निघालेच पाहिजे. फिरता रंगमंच पहिल्यांदा पाहणाऱ्या प्रेक्षकाचे असेच होते. रंगमंच फिरला की टाळ्या कडकडतात आणि नट काय बोलला ते कोणाच्या लक्षात राहत नाही. कामाचे टेबल शोधण्यासाठी ठोकळा फिरवणारे किती आणि ठोकळा फिरवण्यासाठी काम शोधणारे किती, हा प्रश्न मी त्या काळातल्या तरुणांच्या सदसद्विवेकबुद्धीवर सोपवतो.

२००७ साली ॲपलने मॅकवर 'स्पेसेस' दिले. किती खोल्या? सोळापर्यंत! सोळा खोल्यांचे बिऱ्हाड! मालकाला घरातल्या घरात सायकल लागेल. बरे, सोळा तर सोळा; पण २०११ साली हा कारभार 'मिशन कंट्रोल'च्या हाती गेला आणि एक नवीच गंमत सुरू झाली. जी खोली तुम्ही अलीकडे वापरली ती आपण होऊन सरकून जवळ येते. कल्पना करा, रात्री पाणी प्यायला उठावे, झोपेत सवयीने डावीकडे वळावे, आणि स्वयंपाकघराच्या जागी दिवाणखाना उभा! मांजरे घरातल्या घरात जागा बदलतात हे मला ठाऊक होते. खोल्या बदलतात हे नव्हते. ही सोय सेटिंगमध्ये जाऊन बंद करता येते हे खरे. पण आपल्याच घराच्या भिंती जागच्या जागी राहाव्यात म्हणून घरमालकाला अर्ज करावा लागणे ही काही भूषणाची गोष्ट नव्हे. माणूस खोली डोक्याने शोधत नाही, पायाने शोधतो. पायाची सवय मोडणारी हुशारी ही घराच्या उपयोगाची नाही.

विंडोजची तऱ्हा तिसरीच. ह्या घराच्या पायात खोल्या पहिल्यापासून होत्या. पासवर्ड विचारणारा पडदा असतो ना, तो मुळी निराळ्याच डेस्कटॉपवर उभा असतो. पण भाडेकरूला मात्र एकच खोली, बाकीच्यांना कुलूप. २००१ च्या एक्सपीबरोबर चार टेबले देणारे एक जोडसॉफ्टवेअर फुकट निघाले, पण ते वेगळे मागून आणावे लागे. २००८ साली मार्क रुसिनोविच आणि ब्राइस कॉग्सवेल ह्यांनी 'डेस्कटॉप्स' नावाचे छोटेसे सॉफ्टवेअर काढले आणि कुलपे उघडून त्या मूळच्याच खोल्या वापरायला दिल्या. जास्तीत जास्त चार. पण ह्या खोल्यांचा बेत फार कडक होता. एका खोलीतली खिडकी दुसऱ्या खोलीत नेता येत नसे, आणि एकदा उघडलेली खोली बंद करायची सोयच नव्हती. सगळा संसार आवरून लॉग-आउट व्हा, तरच सुटका. हे दोन्ही दोष कर्त्यांनी स्वतःच लेखी सांगून ठेवले आहेत. जागा विकताना एवढे खरे बोलणारा बिल्डर कोणी पाहिला असल्यास मला कळवावे.

अखेर २०१५ साली विंडोज १० बरोबर ही सोय सर्वांच्या घरी आपोआप आली. रूम्सपासून मोजले तर एकोणतीस वर्षांनी. २०२१ च्या विंडोज ११ मध्ये तर प्रत्येक टेबलामागे निराळे चित्र लावता येऊ लागले. एका खोलीत हिमालय, दुसरीत समुद्र, तिसरीत नातू. पण टेबलावर आपण ज्या फायली टाकून ठेवतो, 'नवीन', 'नवीन २' आणि 'नवीन शेवटची', त्या सगळ्या टेबलांवर त्याच! हिमालयापुढेही त्याच, नातवापुढेही त्याच. भिंतीचा रंग बदलला, माळ्यावरचा पसारा जसाच्या तसा. ह्याला घर बदलणे म्हणायचे की रंगरंगोटी?

आता मुख्य मुद्द्याकडे वळतो, आणि त्यासाठी तुम्हाला माझ्याबरोबर गिरगावात यावे लागेल.

आमची खोली एक होती असे मी वर म्हटले ते म्युनिसिपालिटीच्या हिशेबाने. प्रत्यक्षात तिथे सहा खोल्या होत्या. पहाटे ती शयनगृह असे. सहाला गाद्यांच्या वळकट्या बांधून पलंगाखाली गेल्या की स्वयंपाकघर. पाट उचलले की शाळेची तयारी. दुपारी आईचे शिवणाचे मशीन निघे. संध्याकाळी परवचा, मग वडिलांचा पतपेढीचा हिशेब. त्या वेळी त्या खोलीला बँकेची कळा येई आणि शिंकायचीसुद्धा चोरी होई. रात्री पुन्हा वळकट्या सुटत. हेंडरसन आणि कार्ड साहेबांनी जे १९८६ साली लिहून काढले ते आमच्या चाळीत चाळीस बिऱ्हाडे न लिहिता करीत होती. जागा एक, कामे सहा, आणि प्रत्येक कामापुरते तेवढेच सामान बाहेर.

पण एक फरक होता, आणि माझी सगळी समीक्षा त्या एका फरकावर उभी आहे. आमच्याकडे खोली बदलायला वळकटी बांधावी लागे. गाद्या गुंडाळल्याशिवाय पाट मांडता येत नसत. ताटे उचलल्याशिवाय दप्तर उघडता येत नसे. शिवण अर्धे राहिले असेल तर आई त्याला टाचणी टोचून, घडी घालून ठेवी आणि उद्या पहिल्यांदा तेच हाती घेई. म्हणजे प्रत्येक कामाला एक शेवट होता, निदान एक थांबा होता. आवरल्यावाचून पुढे जाताच येत नव्हते. जागेची टंचाई हा शाप होता ह्यात शंका नाही. चाळीच्या आठवणी काढून गहिवरणाऱ्यांपैकी मी नव्हे. सकाळच्या रांगेत ज्याने डबा घेऊन उभे राहून पाहिले आहे तो गहिवरत नाही. पण त्या टंचाईने आम्हाला वळकटी शिकवली.

व्हर्च्युअल डेस्कटॉपने नेमकी वळकटी रद्द केली. गाद्या तशाच पसरलेल्या राहू द्या, आपण पुढच्या खोलीत जाऊ. तिथे उष्टी ताटे पडली? राहू द्या, त्याच्या पुढची खोली कोरी आहे. विंडोजमध्ये एखादे टेबल बंद केलेत तर त्यावरच्या खिडक्या मिटत नाहीत. त्या गुपचूप शेजारच्या टेबलावर जाऊन बसतात. म्हणजे वळकटी बांधायची नाही, नुसती शेजाऱ्याच्या दारात ढकलायची!

आमच्या भाच्याचे उदाहरण देतो. हा मुलगा ह्या सोयीचा कट्टर भक्त. मला म्हणाला, "मामा, तू अजून एकाच खोलीत राहतोस. जग कुठे गेलं बघ!" आणि त्याने लॅपटॉप उघडून नऊ टेबलांची नऊ चित्रे एका ओळीत मांडून दाखवली. पहिले टेबल तर असे लखलखीत की त्यावर साधी धूळ दिसू नये. आमची सौ. मागे उभी राहून कौतुकाने बघत होती. पाहुणे येणार म्हटले की मध्यमवर्गीय घरात बाहेरची खोली दहा मिनिटांत चकाचक कशी होते आणि आतल्या खोलीचे दार का ओढून घेतलेले असते, हे जिला तीस वर्षे ठाऊक आहे, तिने एकच प्रश्न विचारला.

"आवरलंस, की आत ढकललंस?"

भाचा हसला. "मामी, तेच तर! समोर नसलं की डोक्याला ताप नाही." आणि तो एकेक टेबल उलगडून दाखवू लागला. इथे अभ्यास, इथे सिनेमे, इथे मित्र. सातव्यावर तो थांबला. तिथे एका शिष्यवृत्तीचा अर्ज होता. सगळा भरलेला. फोटो लावलेला, गुणपत्रिका जोडलेल्या, चार परिच्छेदांचे निवेदन लिहिलेले. फक्त पाठवायचे बटण दाबायचे राहिले होते. मुदत संपून अकरा दिवस झाले होते.

थोडा वेळ कोणी बोलले नाही. मग तो हळूच म्हणाला, "समोर असता तर पाठवला असता गं, मामी." हिने नुसता त्याच्या पाठीवरून हात फिरवला आणि चहा टाकायला आत गेली.

मी त्या मुलाला आळशी म्हणणार नाही. अर्ज भरायला त्याने चार रात्री घालवल्या होत्या. पसारा समोर असला की त्रास होतो. पण तो त्रासच आपल्याला आठवण करीत असतो. टेबलावर उघडे पडलेले बिल हे बिल भरण्याचे स्मरणपत्र असते. ते नजरेआड केले की स्मरणपत्र जाते, बिल राहते. ह्या सोयीची सगळी मोहिनी तिच्या नजरेआड करण्यात आहे आणि तिचा सगळा धोकाही तिथेच आहे. शिवाय, आत ढकललेली बिऱ्हाडे उपाशी राहत नाहीत बरे का. ती पडद्यावर दिसत नसली तरी चालूच असतात आणि संगणकाची मेमरी खातच असतात. आतल्या खोलीतल्या पाहुण्यांनाही चहा लागतोच.

आणखी एक. ही भिंत फक्त डोळ्यांपुरती आहे, कानांपुरती नाही. टेबल बदलले म्हणून आवाज थांबत नाही. २०२० साली टाळेबंदीत घरोघरी कचेऱ्या भरल्या तेव्हा पुष्कळांना ह्याचा प्रत्यय आला. मीटिंग तिसऱ्या टेबलावर ठेवून माणूस पहिल्यावर आला की त्याला वाटते आपण बाहेर आलो. आपला माइक मात्र आतच बसलेला असतो, आणि 'हा साहेब आता तासभर सोडत नाही' हे वाक्य थेट साहेबापर्यंत पोचवतो. चाळीत दोन बिऱ्हाडांमध्ये धोतराचा पडदा असे, तेव्हा निदान प्रत्येकाला ठाऊक असे की पलीकडे ऐकू जाते. म्हणून बोलणी जपून होत. इथे पडदा इतका सफाईदार आहे की तो भिंत वाटतो.

एवढे झोडपल्यावर गुण न सांगणे हे समीक्षेला शोभत नाही. ज्याच्या कामाला खरोखरच दोन तोंडे आहेत त्याला ही सोय वरदान आहे. वर्गातल्या भिंतीवर धडा दाखवणाऱ्या शिक्षिकेने आपली टपाले निराळ्या टेबलावर ठेवली तर साठ मुलांना तिच्या घरचे निरोप वाचायला मिळत नाहीत. भाषांतरकाराने मूळ पुस्तक, कोश आणि आपले लिखाण एका टेबलावर ठेवावे आणि बाकी सगळा संसार दुसऱ्यावर. त्याची एकाग्रता दुप्पट होते की नाही मला सांगता येणार नाही, पण दर पाच मिनिटांनी भाजीचे भाव बघणे तरी सुटते. खोलीचे खरे सुख खोलीत काय आहे ह्यात नसून काय नाही ह्यात असते. देवघरात टीव्ही नसतो, म्हणून ते देवघर.

सगळ्या नमुन्यांत मला शहाणा वाटला तो लिनक्सवरचा ग्नोम. २०११ साली त्याच्या तिसऱ्या आवृत्तीत अशी रीत आली की शेवटी एक कोरी खोली नेहमी तयार. तुम्ही ती वापरायला घेतलीत की पुढे आणखी एक येते. आणि एखाद्या खोलीतली शेवटची खिडकी मिटलीत की ती खोली आपण होऊन नाहीशी होते. आधी घर सोळा खोल्यांचे आणि मग त्या भरायच्या, असा प्रकार नाही. काम आहे तोवर खोली. काम आवरले, खोली गेली. वळकटीची जाण असलेला कोणीतरी त्या मंडळींत असला पाहिजे.

तेव्हा निकाल असा. दोन टेबले पुरेत. तिसरे अडीअडचणीला, घरी पाहुणा उतरावा तसे, आणि पाहुण्यासारखेच चार दिवसांत परत पाठवायचे. प्रत्येक टेबलाला नाव द्यावे. विंडोजमध्ये २०२० पासून तशी सोय आहे. ज्या टेबलाला नाव सुचत नाही ते टेबल नसून अडगळ आहे असे खुशाल समजावे. आणि दिवस मावळताना सगळ्या टेबलांची चित्रे एकदा मांडून पाहावीत, जे संपले ते मिटावे, जे राहिले त्याला टाचणी टोचून उद्याच्या पहिल्या कामात घालावे. यंत्र खोल्या देईल, दारे देईल, भिंतीवर हिमालयही टांगील. पण त्या खोल्यांतून फिरणारा माणूस त्याला वाढवून देता येत नाही. सोळा खोल्यांत मिळून बसणारा इसम एकच असतो आणि त्याला पेन्शनही एकच मिळते.

परीक्षण संपले. माझ्या पडद्यावर ही एकच खिडकी उघडी आहे, ती आता मी मिटतो. बाजूला सारत नाही हं, मिटतो.